आतल्या आवाजाची उलटतपासणी

मंडळी, सदसद्विवेकबुद्धीवर कुणी बोलायला उभं राहिलं की एक संस्कृत ओळ हटकून येते. मीही ती आधीच म्हणून टाकतो: 'सतां हि संदेहपदेषु वस्तुषु प्रमाणमन्तःकरणप्रवृत्तयः'. जिथे संशय पडतो, तिथे सज्जनांना आपल्या अंतःकरणाचा कौल हेच प्रमाण. ओळ कालिदासाची, 'शाकुंतला'च्या पहिल्या अंकातली. पण ती कोण म्हणतो आणि कधी, हे मात्र सहसा कुणी सांगत नाही.

म्हणतो दुष्यंत. झाडाआडून आश्रमातल्या मुलीला न्याहाळताना. पेच असा, की ही ऋषीची मुलगी क्षत्रियाला चालेल का? राजाचा निवाडा बघा: ज्या अर्थी माझं मन हिच्यावर जडलंय, त्या अर्थी ती क्षत्रियानं वरण्याजोगीच असणार! मनाला जे हवं होतं तेच मनानं योग्य ठरवलं, वर सज्जनपणाचा शिक्काही मारून घेतला. राजाचा अंदाज पुढे खरा निघतो, ही गोष्ट वेगळी. कालिदास मिस्कील असावा, कारण लगेच राजा म्हणतो, तरीही हिची खरी माहिती काढतोच.

आता पाचवा अंक. शापामुळे राजाला काही आठवत नाही. भर दरबारात तो शकुंतलेला नाकारतो. ती गेल्यावर मात्र म्हणतो, लग्न केल्याचं आठवत नाही हे खरं, पण हृदय असं पोळतंय की जणू तेच मला खात्री पटवून देतंय. माणूस तोच, अंतःकरणही तेच. पहिल्या वेळी आवाज सोयीचं बोलला, दुसऱ्या वेळी अत्यंत गैरसोयीचं. मला विचाराल तर सदसद्विवेक मला त्या दुसऱ्या आवाजात ऐकू येतो.

पण हाही नियम सरसकट लावता येत नाही. कडक शिस्तीत वाढलेल्या माणसाला दुपारी घटकाभर आडवं झालं तरी अपराधी वाटतं. तेही मन खाणंच, पण त्यात नीती किती आणि लहानपणीची दटावणी किती? टोचतंय म्हणजे ते बरोबरच असेल, असं नाही.

इथे टिळक उपयोगी पडतात. मंडालेच्या तुरुंगात लिहिलेल्या आणि 1915 साली प्रसिद्ध झालेल्या 'गीतारहस्या'त त्यांनी एक अख्खं प्रकरण या प्रश्नाला दिलंय. सदसद्विवेक ही मनात बसलेली स्वतंत्र देवता आहे, तिला विचारलं की ती अचूक उत्तर देते, असं मानणारा एक पक्ष होता. टिळकांना ते मान्य नाही. बरं-वाईट निवडणारी बुद्धी काही वेगळी नसते. इतर सगळे निर्णय घेते तीच ही बुद्धी. ती शुद्ध असेल तर कौल शुद्ध. गीतेच्या अठराव्या अध्यायात तर अधर्मालाच धर्म समजणारी तामसी बुद्धीही सांगितली आहे. गंमत अशी, की तिलाही आपलं म्हणणं खरंच वाटत असतं. म्हणून 'माझं मन मला खात नाही' हा कुणाच्याही निर्दोषपणाचा पुरावा होत नाही. बधिर झालेलं मनही खात नाही.

आणि समजा आवाज खरा आहे, स्पष्ट आहे. पुढे काय? 1961 साली स्टॅन्ली मिलग्रम या मानसशास्त्रज्ञानं येल विद्यापीठात प्रयोग सुरू केले. प्रयोगाला बोलावलेल्या माणसाला काम असं: पलीकडच्या खोलीतला माणूस उत्तर चुकला की, प्रयोग घेणाऱ्याच्या सांगण्यावरून, त्याला विजेचा झटका द्यायचा, दर चुकीला थोडा जास्त. झटके खोटे होते, पण देणाऱ्याला ते ठाऊक नव्हतं. पहिल्या अहवालातल्या 40 जणांपैकी 26 जण शेवटच्या, 450 व्होल्टच्या खटक्यापर्यंत गेले. सहभागी लोकांची फसवणूक झाली म्हणून या प्रयोगांवर टीका झाली आणि ती रास्त आहे. पण मला आकड्यापेक्षा त्या माणसांच्या अवस्थेचं वर्णन महत्त्वाचं वाटतं. ते घामाघूम होत होते, थरथरत होते, ओठ चावत होते, काहींना तर आवरता न येणारं हसू फुटत होतं. आतला आवाज गप्प नव्हताच. तो ओरडत होता, आणि बोट पुढचा खटका दाबत होतं.

याच मालिकेतला एक प्रयोग मात्र तितकासा सांगितला जात नाही. त्यात झटके देणाऱ्याशेजारी आणखी दोघं बसवली होती, मिलग्रमचीच माणसं. ठरल्याप्रमाणे एकानं 150 व्होल्टला नकार दिला आणि तो उठला, दुसरा 210 ला उठला. त्यांनी नीतीवर प्रवचन दिलं नाही, फक्त यापुढे करणार नाही म्हणाले. या वेळी 40 पैकी 4 जणच शेवटपर्यंत गेले. आपण सदसद्विवेकाला अगदी एकट्याची, खासगी गोष्ट मानतो. मला तसं आता म्हणवत नाही. पुष्कळांच्या आत तो असतोच, पण शेजारचा उठेपर्यंत खुर्ची सोडायचं बळ त्याला येत नाही.

नंतर या नकार देणाऱ्यांना विचारलं, तर बहुतेकांनी सांगितलं, ते दोघं नसते तरी आम्ही थांबलोच असतो.