आडनावाऐवजी गाव

(दृश्य : सौंदत्तीचा डोंगर, पौर्णिमेची गर्दी. भंडाऱ्यानं पिवळ्या झालेल्या पायऱ्या. चौंडक्याचा आवाज आधी, माणसं नंतर.)

निवेदन :

बेळगाव जिल्ह्यात सौंदत्तीच्या आसपास दोन जागा आहेत. एक डोंगरावरचं यल्लम्माचं देऊळ आणि दुसरं गुर्लहोसूर. गुर्लहोसूर हे अण्णासाहेब किर्लोस्करांचं गाव. १८४३ साली ते तिथं जन्मले आणि १८८५ साली तिथंच वारले. मधल्या बेचाळीस वर्षांत त्यांनी बेळगावात शिकवलं, सरकारी कचेरीत कारकुनी केली, आणि ३१ ऑक्टोबर १८८० ला पुण्यात 'शाकुंतल' रंगमंचावर आणून मराठी संगीत नाटकाची वाट घालून दिली. एवढं आपल्याला शाळेतच शिकवलेलं असतं.

डोंगरावरचं मात्र कुणी शिकवत नाही. तिथं बायका गात होत्या. अण्णासाहेबांच्या आधीपासून, रात्र-रात्र, हजारोंच्या गर्दीपुढं. कथा सांगायच्या, पदं म्हणायच्या, नाचायच्या, मराठीत आणि कन्नडात, कधी एकाच पदात दोन्ही. जमदग्नी, रेणुका, परशुराम ही सगळी पात्रं एकटी जोगतीण, म्हणजे देवीला वाहिलेली बाई, उभी करायची. आता याला नाटक म्हणायचं नाही तर काय म्हणायचं?

(दृश्य : चौंडकं वाजवणारे हात, अगदी जवळून.)

हे चौंडकं बघा. लाकडाचा पोकळ गोल, एका तोंडाला कातडं. कातड्याच्या मधोमध भोक पाडून त्यातून तार ओवलेली. गोल काखेत दाबायचा, तारेचं टोक त्याच हाताच्या मुठीत ताणून धरायचं आणि दुसऱ्या हातातल्या काडीनं तार छेडायची. मूठ आवळली की सूर चढतो, सैल सोडली की उतरतो. म्हणजे ताल आणि सूर दोन्ही एकाच वाद्यातून, आणि गळा मोकळा. डोक्यावर देवीचा जग, म्हणजे मूर्ती ठेवलेली टोपली, असेल तर मान हलवायची नाही. एवढं सांभाळून बाई दोन-दोन तास गाते आणि मधेच गर्दीतल्या कुणाला तरी टोमणाही मारते.

पण या बाईला ही जागा मिळाली कशी, हेही सांगायला हवं. लहानपणी देवीला सोडलं म्हणून. केसांत जट झाली, घरात आजारपण आलं, मुलगा नाही, असं काहीतरी कारण झालं आणि मुलीच्या गळ्यात मोत्यांचा दर्शन, म्हणजे देवीला सोडल्याची खूण असलेली माळ, पडला. तिचं लग्न व्हायचं नव्हतं. तिच्या मुलांना बापाचं नाव लागायचं नव्हतं. चारचौघांत गायची मुभा तिला होती, कारण चारचौघींसारखा संसार तिला नव्हता. पुढं जे सांगणार आहोत त्याची मेख इथंच आहे.

(दृश्य : जुन्या पद्धतीचा रंगपट. आरसा, रंगाचे डबे, खुंटीवर नऊवारी.)

खाली, नाटक कंपन्यांत, बाईची भूमिका होती पण बाई नव्हती. किर्लोस्कर मंडळीत भाऊराव कोल्हटकर आले आणि शकुंतला, सुभद्रा त्यांच्या गळ्यातून लोकांच्या घरात पोचल्या. १९०१ साली ते गेले. चार वर्षांनी त्याच कंपनीत बालगंधर्व दाखल झाले. त्यांचं गाणं किती मोठं, हे आम्ही नव्यानं सांगायची गरज नाही. बायका त्यांच्यासारखं पातळ नेसायला लागल्या, त्यांच्यासारखा गजरा माळायला लागल्या. बाईनं कसं दिसावं हे बाईला एका पुरुषानं शिकवलं, आणि तिनं ते हौसेनं उचललं. गंमत वाटते, थोडी चीडही येते.

शतक पालटताना, १३ जानेवारी १८९९ ला, इंदूरला 'शारदा' आलं. लिहिणारे गोविंद बल्लाळ देवल आपल्या बेळगावच्याच शाळेत शिकलेले, तिथंच पुढं मास्तर झालेले, अण्णासाहेबांचे शिष्य. पंचाहत्तरीच्या भुजंगनाथाला चौदा-पंधरा वर्षांची बायको करून द्यायला निघालेला बाप, पैसे खाणारा मध्यस्थ, आणि भीतीनं अर्धी झालेली पोर. संमतीवयाचा कायदा होऊन तेव्हा आठ वर्षं झाली होती. त्या कायद्यानं मुलीनं शरीरसंबंधाला संमती द्यायच्या वयाची मर्यादा दहावरून बारावर नेली, तर केवढं रान उठलं होतं. तिथं देवलांनी एक अख्खं नाटक मुलीच्या बाजूनं लिहिलं. लोक रडले. पण शारदेचं दुःख गात होता मुलगाच. केशवराव भोसले लहान वयात शारदा म्हणून गाजले, आणि पुढं त्यांनीच १ जानेवारी १९०८ ला हुबळीत 'ललितकलादर्श' ही नाटक कंपनी काढली.

(दृश्य : पायपेटी. पडदा वर जातो. रंगमंच रिकामा.)

आता इतिहासाच्या पुस्तकांतला एक लाडका मुद्दा घेऊ. मराठी रंगभूमीवर स्त्रिया कधी आल्या? उत्तर बहुतेक वेळा असं मिळतं : १ जुलै १९३३, 'आंधळ्यांची शाळा', ज्योत्स्नाबाई भोळे, पद्मावती वर्तक. नाटक महत्त्वाचं होतं यात वाद नाही. पण त्याआधी पंचवीस-तीस वर्षं जे चाललं होतं, ते काय होतं मग?

कारण फक्त बायकांच्या नाटक कंपन्या होत्या. पुणेकर, सातारकर, मनोहर, आणि बेळगावकर. हो, बेळगावकर स्त्री नाटक मंडळी. बेळगावच्या नावानं बायकांची अख्खी कंपनी उभी होती, आणि आज गणपत गल्लीत दहा जणांना थांबवून विचारलं तर एकालाही ठाऊक नसेल.

या कंपन्यांत राजा, विदूषक, ऋषी, खलनायक, सगळं बायकाच. म्हणजे कासोटा घालून, फेटा बांधून, मिशी लावून बाई दुष्यंत व्हायची आणि समोर दुसरी बाई शकुंतला. पुरुषानं लुगडं नेसलं तर त्याला कला म्हणत होते. बाईनं धोतर नेसलं तर नावं ठेवत होते. तिकीट काढून येणारे तेच, नाकं मुरडणारे तेच. बिऱ्हाड हलवायचं, नव्या गावात जागा मिळवायची, थिएटरवाल्याशी घासाघीस करायची, नटींच्या तालमी घ्यायच्या, मुलं सांभाळायची. घरात चार माणसांपुढं आवाज चढवायचा नाही अशी त्या काळातल्या बाईची रीत, आणि इथं बायका कंपनी चालवत होत्या.

मोगूबाई कुर्डीकर याच वाटेनं आल्या. गोव्यातल्या कुर्डी गावची पोर, आधी एका नाटक मंडळीत, मग सातारकर स्त्री संगीत मंडळीत. आई लवकर गेली. पुढं त्या गानतपस्विनी झाल्या ते सर्वांना माहीत आहे, पण पायात चाळ आधी कंपनीनं बांधले. कमलाबाई गोखल्यांचंही तसंच. १९१३ साली फाळक्यांच्या 'मोहिनी भस्मासुर'मध्ये त्या आणि त्यांच्या आई दुर्गाबाई कामत पडद्यावर आल्या आणि नंतर कमलाबाईंनी नाटकांत पुरुषांच्या भूमिकाही केल्या.

आंबोलीचा घाट उतरलात की सावंतवाडी. तिथल्या हिराबाई पेडणेकर नुसत्या गाऊन थांबल्या नाहीत, त्यांनी नाटकं लिहिली. 'संगीत दामिनी' १९१२ साली ललितकलादर्शनं केलं. बाईनं लिहिलेलं, आणि त्यातली बाई झाले पुरुष. असा तो काळ.

(दृश्य : जुन्या ध्वनिमुद्रिकेची चकती फिरते. मधल्या गोल कागदावरची नावं.)

या सगळ्या नावांकडं एकदा नीट बघा. कुर्डीकर. पेडणेकर. बडोदेकर. हनगल. कर्नाटकी. गावाला 'कर' लावायची पद्धत आपल्याकडं सगळ्यांचीच आहे, तेव्हा त्यात विशेष काय, असं वाटेल. विशेष आहे. हिराबाई बडोदेकरांचे वडील अब्दुल करीम खाँ आणि आई ताराबाई माने. जन्म मिरजेचा. मग बडोदेकर कुठून आलं? गंगूबाई हनगलांचे वडील नाडगीर, नवरा कौलगी. नाव लागलं हनगल, मूळ गावाचं. सुरुवातीच्या ध्वनिमुद्रिकांवर तर 'गांधारी'च्या जोडीला हुबळीचं नाव छापलेलं. विजापूर भागातल्या बिळगीच्या दोघी बहिणी अमीरबाई आणि गोहरबाई, त्यांना गावही पुरलं नाही, 'कर्नाटकी' म्हणून अख्खा प्रांतच नावाला जोडला.

बापाचं नाव द्यायला बाप तयार नव्हता, नवऱ्याचं द्यायला नवरा. गाव काही नाही म्हणू शकत नाही. म्हणून गाव.

(दृश्य : टिळकवाडी, काँग्रेस विहीर. सकाळची वर्दळ.)

डिसेंबर १९२४. बेळगावात काँग्रेसचं अधिवेशन. महात्मा गांधी आयुष्यात एकदाच काँग्रेसचे अध्यक्ष झाले, ते इथं. आज जिथं सकाळी लोक फिरायला येतात, तिथं विजयनगर नावाची छावणी उभी राहिली होती आणि पाण्यासाठी ही विहीर खणली होती. हुबळीच्या उमाबाई कुंदापूर स्वयंसेविका गोळा करत होत्या, आणि त्यांत विधवाही होत्या. ज्यांनी माजघराबाहेर यायचं नाही त्या पोशाख करून मांडवात उभ्या राहिल्या. हे लहानसहान नव्हतं.

त्याच मांडवात धारवाडची अकरा वर्षांची एक मुलगी स्वागतगीत गायला आली होती. गंगू. आई अंबाबाई कर्नाटक संगीतातली जाणकार. मुलीच्या गळ्यावर दुसऱ्या पद्धतीचे संस्कार होऊ नयेत म्हणून तिनं पुढं स्वतःचं गाणं मिटून ठेवलं. पाचवीपर्यंत शिकलेली ही पोर गांधींसमोर गायली. गाण्याची तिला भीती नव्हती. धास्ती वेगळीच होती : जेवणावळ झाल्यावर आपली जात बघून आपल्याला पत्रावळ्या तर उचलायला लावणार नाहीत ना? हे गंगूबाईंनीच मोठेपणी सांगितलं आहे, कडवटपणा न आणता.

म्हणजे स्वागताला तिचा गळा हवा होता, पंगतीला ती नको असेल, हे अकरा वर्षांच्या मुलीलाही कळत होतं. धारवाडच्या ज्या गल्लीतून ती शिकायला जायची तिथं लोक 'गाणेवाली आली' म्हणून हिणवायचे. त्याच गंगूबाईंना २००२ साली पद्मविभूषण मिळालं.

गोहरबाईंच्या वाट्याला एवढंही आलं नाही. १९३८ च्या सुमारास त्या गंधर्व कंपनीत आल्या आणि नायिकेच्या भूमिका करू लागल्या. जी जागा बालगंधर्वांनी तीस वर्षं अडवली होती तिथं खरी बाई उभी राहिली, तीही बिळगीची, मुसलमान, गाणाऱ्या घरातली. महाराष्ट्रानं तिला माफ केलं नाही. कंपनीची कर्जं, बोलपटांचा जमाना, बालगंधर्वांचं वय, सगळ्याचं खापर तिच्या माथी. तिच्या गाण्याबद्दल मात्र दोन शब्द बोलायलाही लोक तयार नसतात. ध्वनिमुद्रिका आहेत की, ऐका एकदा.

(दृश्य : बेळगावातलं कौलारू घर. खिडकीत टेबल, वही.)

आणि मग इंदिराबाई. इंदिरा संत. जन्म १९१४, इंडीचा, विजापूर जिल्हा. माहेर निपाणीजवळचं तवंदी. दीक्षितांची मुलगी, संतांची सून, म्हणजे दोन्ही आडनावं पक्की. १९४० साली नवरा-बायकोनं मिळून 'सहवास' हा कवितासंग्रह काढला. सहा वर्षांत ना. मा. संत गेले. पदरात तीन लहान मुलं.

त्यांनी बेळगावात नोकरी धरली. शिक्षिका, पुढं ट्रेनिंग कॉलेजच्या प्राचार्य. दिवसभर पाठ, टाचणं, तपासणी, रात्री मुलं झोपली की कविता. 'शेला', 'मेंदी', 'मृगजळ', 'रंगबावरी'. 'गर्भरेशीम'ला १९८४ चा साहित्य अकादमी पुरस्कार. विधवा बाईनं प्रेमाबद्दल लिहावं, विरहाबद्दल लिहावं, आणि तेच गाव तिला 'बाई' म्हणून मान देत राहावं, हे त्याच्या चाळीस वर्षं आधी घडलं नसतं. यात इंदिराबाईंचं मोठेपण आहेच. पण त्या ज्या उंबऱ्यावरून सहज आत आल्या, तो झिजवला होता फेटा बांधणाऱ्या त्या बायकांनी. त्यांना बेळगावच्या कुठल्या घरात पाणीही बसून मिळालं नसतं.

इंदिराबाईंना हे जाणवत असावं, असं आमचं मत. कारण उतारवयात त्यांनी 'मालनगाथा' लिहिलं, जात्यावर ओव्या रचणाऱ्या बायकांवर. मालन कोण? जी दळताना रचते आणि पीठ भरून झालं की उठून जाते ती. साहित्य अकादमीवाल्या कवयित्रीनं जात्याशेजारी बसून तिची ओवी उतरवून घ्यावी, याला आम्ही फार मोठं काम समजतो. १३ जुलै २००० ला इंदिराबाई गेल्या. शतकही तेव्हा सरतच होतं.

(दृश्य : घटप्रभा. बायकांची बैठक, सतरंजीवर.)

डोंगरावरच्या बायकांचं काय झालं? मुली देवीला सोडण्याच्या, म्हणजे देवदासी प्रथेविरुद्ध १९३४ ला मुंबई इलाख्यात एक कायदा झाला, १९८२ ला कर्नाटकात दुसरा. कागदावर प्रथा बंद. प्रत्यक्षात ती मोडायला खुद्द देवदासींनाच उतरावं लागलं. चिकोडी तालुक्यातल्या कब्बूरच्या सीताव्वा जोडट्टी लहानपणी देवीला सोडलेल्या. घटप्रभेच्या 'मास' या संस्थेतून त्यांनी गावोगाव फिरून मुली सोडणं थांबवलं, आणि २०१८ साली राष्ट्रपती भवनात जाऊन पद्मश्री घेतली. प्रथा गेली पाहिजे, याबद्दल आमच्या मनात काडीचा संशय नाही. चौंडकं मात्र तिच्याबरोबर जाऊ नये असं वाटतं. ते कुणा पोरीनं हौसेनं शिकावं, शिकवणीला जावं, कार्यक्रम करावा, मानधन घ्यावं आणि रात्री आपल्या घरी यावं.

शहापूर, वडगाव, खासबाग, निपाणी, खानापूर, चिकोडी. या भागात घराच्या माळ्यावर अजून लोखंडी ट्रंका आहेत. त्यांत स्त्री नाटक मंडळीचं एखादं हँडबिल, जुना फोटो, पदांची वही निघाली तर रद्दीत घालू नका. फोटो असेल तर घरातल्या सगळ्यांत म्हाताऱ्या माणसाला आजच विचारा आणि मागच्या बाजूला पेन्सिलीनं लिहून ठेवा : कोण, कुठली, आणि कुठल्या नाटकात राजा झाली होती.