पाठीवरची गोणी

श्रोतेहो, नमस्कार.

वाशीच्या कांदा-बटाटा बाजारात कधी पहाटे गेलात, तर कोपऱ्यात दोन मिनिटे थांबून एक गोष्ट बघा. ट्रकचा फाळका उघडलेला असतो. खाली एक माथाडी कामगार ट्रककडे पाठ करून, कमरेत वाकून उभा राहतो. वरचे दोघे 50 किलोची गोणी ओढत आणतात आणि त्याच्या पाठीवर देतात. गोणी बसली की तो चालू लागतो. या सगळ्यात तो एकदाही मागे वळून बघत नाही. गोणी तिरकी आली तर त्याचा मणका जाईल, हे त्याला माहीत असते आणि वरच्या दोघांनाही.

माझे वडील, आम्ही त्यांना आबा म्हणायचो, या बाजारात आयुष्यभर अशी पाठ देऊन उभे राहिले. माणसाचा स्वभाव मुळात कसा आणि समाजात आपण जगतो ते कशासाठी, यावर बोलायचे ठरले तेव्हा मला आधी ती पाठ आठवली.

सतराव्या शतकात हॉब्स नावाचे एक इंग्रज विचारवंत होऊन गेले. त्यांच्या काळात त्यांच्या देशात यादवी युद्ध पेटले होते. वर जबर सत्ता नसेल तर माणसे एकमेकांच्या जिवावर उठतील, असे त्यांचे मत होते. अशा काळात त्यांना तसे वाटणे मी समजू शकते. पण त्यांच्या म्हणण्यातला एकटा, सुटा माणूस मला कधी भेटलाच नाही. गाईचे वासरू जन्मल्यावर तासा-दोन तासांत पायांवर उभे राहते. माणसाच्या पोराला त्यासाठी वर्ष लागते, आणि त्या वर्षात कुणी ना कुणी त्याला उचलून घेतलेले असते. माणसे आधी सुटी होती आणि मग एकत्र आली, असे नाही. आपण जन्मतोच कुणाच्या तरी हातांवर.

आबा जावळीतून मुंबईला आले तेव्हा सतरा-अठरा वर्षांचे होते. बाजार तेव्हा वाशीला आलेला नव्हता, मशीद बंदरकडे होता. गावातले कुणीही आले की राहायचे कुठे, हा प्रश्न नसे. गावकीची खोली होती. एका खोलीत वीस-पंचवीस माणसे आणि भिंतीला लागून प्रत्येकाची पत्र्याची पेटी. पाळीपाळीने झोपायचे आणि भाडे वाटून भरायचे. नव्या पोराकडून काम मिळेपर्यंत पैसे मागायचे नाहीत, हा तिथला नियम. तो कुणी लिहून भिंतीला लावलेला नव्हता. आबा म्हणायचे, आपल्या वाट्याचे कुणीतरी आधी भरलेले असते, म्हणून पुढच्याचे आपण भरायचे.

याचा अर्थ खोलीत सगळे संतच राहत होते असा नाही. भांडणे होत, पैशांवरून आणि पाण्यावरूनही. कामावर तर त्याहून कठीण. माथाडींची टोळी असते, मजुरी टोळीने कमवायची आणि वाटून घ्यायची. मग कुणी हळूच कमी गोण्या उचलतो, चहाला गेला की लवकर येत नाही. अशा माणसाला आपल्या भाषेत फार नेमका शब्द आहे, अंगचोर. चोरी दुसऱ्याच्या मालाची नाही, स्वतःच्याच अंगाची. पण नुकसान मात्र टोळीचे. आबांच्या टोळीत असा एक जण होता. त्याला काढून टाका, असे बाकीचे म्हणत होते. मुकादमाने त्याला महिनाभर ट्रकवर उभे केले, गोण्या दुसऱ्यांच्या पाठीवर द्यायला. खाली वाकलेली पाठ बघून माणसाचा हात ढिला पडत नाही, असे मुकादमाचे म्हणणे. तो माणूस पुढे अगदी बदलून गेला असे मी सांगणार नाही, पण टोळीत टिकला.

माणसात अंगचोर आहे आणि पाठ देणाराही आहे. कधी कधी एकाच माणसात, एकाच दिवशी. म्हणून नुसत्या चांगुलपणावर समाज सोडून चालत नाही, हे माथाडींनी फार लवकर ओळखले. आज या व्यापाऱ्याकडे, उद्या त्या व्यापाऱ्याकडे काम. मग हात मोडला तर जबाबदार कोण? मालक एक नाही, म्हणून जबाबदारी कुणाचीच नाही. अण्णासाहेब पाटील यांच्या नेतृत्वाखाली हे कामगार एकत्र आले, झगडले आणि 1969 साली महाराष्ट्रात माथाडी कायदा झाला. मालकांनी मजुरी आणि तिच्यावर ठरावीक लेव्ही, म्हणजे जादा रक्कम, माथाडी बोर्डाकडे भरायची. त्या लेव्हीतून भविष्य निर्वाह निधी, ग्रॅच्युइटी, भरपगारी सुट्ट्या. गावकीच्या खोलीत जे वीस-पंचवीस जणांत होते, ते हजारो अनोळखी माणसांपर्यंत पोचवायचे तर त्याला कायदाच लागतो. मी महापालिकेच्या शाळेत शिकवत होते तेव्हा नागरिकशास्त्राच्या तासाला मुलांना हेच उदाहरण द्यायची. वर्गातल्या निम्म्या मुलांचे वडील बाजारातच होते, त्यामुळे मुले कान देऊन ऐकायची.

26 जुलै 2005 ला सांताक्रूझला एका दिवसात 944 मिलिमीटर पाऊस पडला, तेव्हा अनोळखी लोकांनी एकमेकांना कसे हात दिले, हे आपण सगळेच सांगतो आणि ते खरेच आहे. मला मात्र काळजी वाटते ती साध्या, कोरड्या दिवसांची. लिफ्टमध्ये तिघे उभे असतात आणि तिघेही मोबाइलमध्ये बघत असतात. समोरच्या दारावरची पाटी वाचता येते, पण आतल्या आजींना काल ताप होता, हे कळत नाही. अमेरिकेत 1938 पासून एक अभ्यास चालू आहे. हार्वर्डचे 268 विद्यार्थी आणि बॉस्टनच्या गरीब वस्त्यांतली 456 मुले, यांच्या आयुष्यांचा माग संशोधकांनी म्हातारपणापर्यंत ठेवला. ज्यांची माणसांशी नाती घट्ट होती, ते जास्त निरोगी आणि समाधानी राहिले, असे त्यातून दिसले. आबांनी या अभ्यासाबद्दल कधी ऐकले नसेल.

निवृत्त झाल्यावर आबा कोपरखैरण्याच्या घरात बसून राहायचे. बोर्डाकडून पैसे मिळाले होते, मुले कमावती होती, जेवण वेळेवर होते. तरी माणूस आतून सुकत चालला होता. एकदा मी चिडून विचारले, आबा, तुम्हाला कमी काय आहे? ते म्हणाले, "टोळीला मी लागत होतो गं. आता कुणाला लागतोय?"

मला उत्तर सुचले नाही. आपण म्हणतो, मला पाणी लागते, पैसा लागतो, चार माणसे लागतात. मी कुणाला लागते, हा प्रश्न मी स्वतःला तोवर विचारला नव्हता. त्या रात्री मला झोप आली नाही.

पुढे काही दिवसांनी आबा सकाळी साडेसहाला खाली जाऊ लागले. आमच्या इमारतीच्या फाटकाशी शाळेची बस थांबते. मुले अर्धवट झोपेत यायची, दप्तरे ओढत. आबा दप्तराचा तळ एका हाताने तोलायचे, दुसऱ्या हाताने पट्टे सरळ करायचे आणि अलगद पाठीवर चढवायचे. वजन खांद्यांवर सारखे आले का, ते हात फिरवून बघायचे. कुणी त्यांना सांगितले नव्हते.

एकदा मी गॅलरीतून बघत होते. तिसऱ्या मजल्यावरचा लहान मुलगा धावत आला, दप्तर आबांच्या पायाशी ठेवले आणि त्यांच्याकडे पाठ करून उभा राहिला. बस येताना दिसत होती, तो तिकडे बघत होता. मागे त्याने वळूनही पाहिले नाही.

नमस्कार.