भट्टीवाला नगरसेवक

श्रोतेहो, नमस्कार.

नगरसेवक म्हटलं की आपल्याला नळाचं पाणी, गटारं आणि चौकातले शुभेच्छांचे फलक आठवतात. आज ज्या नगरसेवकाबद्दल बोलणार आहे, त्याचं नाव चंद्रावरच्या एका विवराला दिलेलं आहे. घरचा धंदा मात्र बिअरचा. नाव योहान्नेस हेवेलियस. गाव बाल्टिक समुद्राकाठचं डांझिग, म्हणजे आजच्या पोलंडमधलं ग्दान्स्क.

जन्म १६११ चा. वडिलांची बिअरची भट्टी जोरात चालायची. डांझिगची योपेनबिअर तेव्हा नावाजलेली होती. काकवीसारखी दाट, गोड, आणि लोक ती रश्श्यातसुद्धा घालत! मुलानं धंदा सांभाळावा ही वडिलांची इच्छा. पोरगा हॉलंडमध्ये लायडनला कायदा शिकला, युरोप हिंडला आणि परत आला. १६३५ मध्ये त्याचं लग्न झालं ते शेजारच्याच घरातल्या काटारिनाशी. तिच्या माहेरचीही भट्टी. दोन घरं जुळली, दोन धंदे जुळले.

इथपर्यंत ही कुठल्याही सुखवस्तू व्यापाऱ्याची गोष्ट. पण त्याचे जुने गुरुजी पीटर क्र्यूगर १६३९ मध्ये मरणाच्या दारात होते. आकाशाचा अभ्यास सोडू नकोस, असं त्यांनी या शिष्याला बजावलं. दोनच वर्षांत आपल्या जोडघरांच्या छपरांवर त्यानं वेधशाळा उभी केली. खाली बिअर उकळतेय आणि वर मालक तारे मोजतोय.

रात्र रात्र छपरावर बसणाऱ्या माणसाचा धंदा बुडायला हवा होता. तो बुडाला नाही, कारण काटारिना. भट्टीचा कारभार तिनं सांभाळला. चरित्रांमध्ये तिच्या वाट्याला चार ओळी येतात, पण माझ्या मते चंद्राचे ते नकाशे जितके त्याचे, तितकेच तिचेही. १६४७ मध्ये त्याचा चंद्रावरचा ग्रंथ आला. चंद्राची चित्रं त्यानं स्वतः तांब्याच्या पत्र्यावर कोरली होती. असली हौस पदरच्या पैशाशिवाय होत नाही, आणि तो पैसा बिअरचा होता.

राजकारणात यायची वाटही भट्टीतूनच गेली. १६४३ पासून तो बिअरवाल्यांच्या संघाचा पुढारी होता आणि १६५१ मध्ये जुन्या शहराच्या नगरपरिषदेवर गेला. तिथे तो मरेपर्यंत राहिला. डांझिग पोलंडच्या राजाचं, पण कारभार आपला आपण पाहणारं, व्यापाऱ्यांच्या हातातलं शहर. तिथे राजाशी जमवून घेणं हीसुद्धा एक कला होती. हेवेलियसला ती चांगलीच साधली होती. राजा यान सोबिएस्की त्याच्यावर इतका खूश, की त्यानं वर्षासन दिलं, बिअरवरचा कर माफ केला आणि शहराच्या वेशीबाहेर माल विकायची मोकळीक दिली.

मग १६७९ साल आलं. त्या वर्षी लंडनहून तरुण एडमंड हॅली आला, तोच धूमकेतूवाला. हेवेलियस ताऱ्यांच्या जागा दुर्बिणीविना, नुसत्या डोळ्यांनी मोजायचा. इंग्रज विद्वानांना ते पटत नव्हतं. हॅलीनं शेजारी बसून ताडून पाहिलं आणि म्हाताऱ्याची मोजमापं खरी निघाली. पुढे सप्टेंबरमध्ये घराला आग लागली. वेधशाळा, उपकरणं, पुस्तकं, सगळं गेलं. वय ६८. तरी त्यानं पुन्हा बांधायला घेतलं.

१६८३ मध्ये सोबिएस्कीनं व्हिएन्नाला पडलेला तुर्कांचा वेढा मोडून काढला. लगेच आमच्या नगरसेवकानं आकाशात राजाच्या नावानं एक नवा तारकासमूह मांडला: सोबिएस्कीची ढाल. आता याला भक्ती म्हणा की करमाफीची परतफेड, मी मधे पडत नाही. राजाचं नाव पुढे गळलं, पण ढाल राहिली. आपल्या मराठी तारकानकाशांतही गरुड आणि धनु यांच्या मधे ती आहे. लघुसिंह, जंबुक, सरठ, श्यामशबल हे तारकासमूहही हेवेलियसचेच.

१६८७ मध्ये, आपल्या ७६ व्या वाढदिवशीच, तो गेला. ताऱ्यांची यादी अजून छापायची होती. काटारिना आधीच वारली होती. दुसरी बायको एलिझाबेथ त्याच्याबरोबर वेध घ्यायला बसायची. तिनंच उरलेलं काम पुरं करून १६९० मध्ये ग्रंथ छापला, आणि तो अर्पण केला राजा सोबिएस्कीला. कारभार तिलाही कळत होता!

नमस्कार.