कागद कुणाच्या टेबलावरून आला?

मित्रहो, शोधपत्रकारितेवर व्याख्यान म्हटलं की धाडसाच्या गोष्टी ऐकायला मिळतील अशी अपेक्षा असते. आज त्या फारशा मिळणार नाहीत. हुकूमशाही वळणाच्या राजवटीत धाडसी माणसं कमी पडत नाहीत. कमी पडते ती शिस्त, आणि तिची किंमत बहुतेक वेळा पत्रकाराआधी सोर्सला, म्हणजे आतून माहिती देणाऱ्याला, मोजावी लागते.

अशा सरकारला बातमी खोटी पाडण्याची फारशी घाई नसते. बातमी आली की वरून विचारलं जातं, हे बाहेर कुणी दिलं? या चौकशीची रीत सगळीकडे जवळपास सारखीच असते. ती फाइल किती जणांनी पाहिली याची यादी काढतात. त्यातल्या कुणी छापली, कुणी ईमेल केली, ते सर्व्हरच्या नोंदींवरून बघतात. उरलेल्यांचे सीडीआर, म्हणजे फोनवर कुणाशी कधी बोलणं झालं याच्या नोंदी, मागवतात आणि पत्रकाराच्या सीडीआरशी ताडून पाहतात. मग रजेचे अर्ज, गेटवरचं रजिस्टर, सीसीटीव्ही. दोन-तीन चाळण्यांत शंभराचे तीन होतात, आणि तिघांना समोर बसवून विचारायला कुठलंही तंत्रज्ञान लागत नाही.

२०१७ साली अमेरिकेत रिॲलिटी विनर ही कंत्राटी कर्मचारी अशीच सापडली. अमेरिका हुकूमशाही देश नाही, पण चौकशीचं गणित समजून घ्यायला हे उदाहरण उत्तम आहे, कारण ते कोर्टाच्या कागदांत नोंदलेलं आहे. पत्रकारांनी गुप्त अहवालाची प्रत खरी आहे का हे तपासण्यासाठी ती सरकारी यंत्रणेलाच दाखवली. प्रतीवर घडीच्या खुणा होत्या, म्हणजे कागद छापून बाहेर नेलेला होता. तो छापणारे सहा जण निघाले. सहांपैकी एकीच्याच कॉम्प्युटरवरून त्या वृत्तसंस्थेशी ईमेल झाला होता, तोही वेगळ्याच विषयावर. तपास तिथेच संपला.

म्हणून कागद हातात आला की तो खरा आहे का हे बघण्याआधी एक आकडा काढा: हा किती जणांकडे असू शकतो? दोनशे जणांना गेलेलं परिपत्रक असेल तर काम सोपं आहे. पाच जणांच्या बैठकीचं इतिवृत्त असेल, तर ते जसंच्या तसं छापायचं नाही. त्यातलं वाक्य अवतरणचिन्हांत टाकायचं नाही आणि "आमच्याकडे कागद आहे" असंही म्हणायचं नाही. मग त्याचा उपयोग काय? तो कुठे खणायचं ते सांगतो. खणून जे निघेल ते दुसऱ्या, उघड्या वाटेने निघालेलं असावं. आज मला मुख्यतः हीच दुसरी वाट सांगायची आहे. सोर्सने दिलेली प्रत्येक महत्त्वाची गोष्ट सोर्सशिवाय सिद्ध करता आली पाहिजे.

त्याआधी कागदाच्या हाताळणीबद्दल. अनेक रंगीत लेझर प्रिंटर पानावर फिकट पिवळे, डोळ्यांना न दिसणारे ठिपके उमटवतात. २००५ साली इलेक्ट्रॉनिक फ्रंटियर फाउंडेशनने एका झेरॉक्स मॉडेलचे ठिपके उलगडले, तेव्हा त्यांत मशीनचा क्रमांक, तारीख आणि वेळ निघाली. पान उच्च रेझोल्यूशनने स्कॅन करून चित्रातला फक्त निळ्या रंगाचा थर वेगळा केला की ते दिसतात. आता हे ठिपके पुसत बसू नका. ठिपके पुसले तरी समासातला डाग, तिरका शिक्का, स्टेपलचं भोक राहतंच. शिवाय जाणूनबुजून केलेले बदल असतात: प्रत्येक अधिकाऱ्याला दिलेल्या प्रतीत एखादा स्वल्पविराम, एखादा आकडा, एखादा शब्दक्रम वेगळा ठेवायचा आणि छापून काय येतं ते बघायचं. यावर एकच इलाज आहे. मूळ कागद वाचकांना दाखवायचा नाही. आशय आपल्या शब्दांत, आकडे गोळाबेरीज करून.

डिजिटल फाइलमध्ये फसगत आणखी सोपी. फोटोच्या फाइलमध्ये आपोआप नोंदल्या जाणाऱ्या एक्झिफ माहितीत बऱ्याचदा जीपीएसचं ठिकाण असतं. २०१२ मध्ये अँटिव्हायरसवाला उद्योजक जॉन मॅकॅफी पोलिसांपासून लपलेला असताना मासिकाच्या वेबसाइटवर आलेल्या एका फोटोतल्या अक्षांश-रेखांशांनी तो ग्वाटेमालात असल्याचं जगाला सांगितलं. पीडीएफवर काळी पट्टी ओढली की मजकूर झाकला जातो असं पुष्कळांना वाटतं. २०१९ मध्ये ट्रम्प यांचा माजी प्रचारप्रमुख पॉल मॅनाफोर्ट याच्या वकिलांनी तसंच केलं. बातमीदारांनी पट्टीखालचा मजकूर कॉपी-पेस्ट करून वाचला. पट्टी ओढल्यावर पानाचं चित्रात रूपांतर करा आणि त्या चित्रांचीच नवी पीडीएफ बनवा. अनोळखी माणसाने पाठवलेली फाइल रोजच्या लॅपटॉपवर उघडू नका. ती डेंजरझोनसारख्या साधनातून काढली की पानं निव्वळ पिक्सेल होऊन बाहेर येतात आणि आत लपवलेला कोड मागे राहतो. फाइल अतिसंवेदनशील असेल तर नेटशी कधीच न जोडलेला वेगळा लॅपटॉप वापरा, आणि त्यावर टेल्स ही मागे खुणा न ठेवणारी ऑपरेटिंग सिस्टिम पेन ड्राइव्हवरून चालवा.

फोनबद्दल एक गैरसमज घट्ट बसला आहे: सिग्नल हे सुरक्षित संदेशांचं ॲप वापरलं की झालं. सिग्नल संदेशाचा मजकूर लपवतं, पण दोन फोन एकाच टॉवरखाली एकाच वेळी होते हे ते लपवू शकत नाही. भेटीआधी दोघांनी फोन बंद करणं तर त्याहून वाईट, कारण नेहमी चालू असणारे दोन फोन दुपारी तीन ते पाच एकदमच गप्प झाले, हीच खूण ठरते. फोन घरी, चालू, चार्जिंगला लावून ठेवा. आणि पेगॅससच्या जातीचं हेरतंत्र फोनमध्ये शिरलं असेल, तर स्क्रीनवर जे तुम्हाला दिसतं ते त्यांनाही दिसतं. तिथे एन्क्रिप्शनचा, म्हणजे संदेश कुलूपबंद करून पाठवण्याचा, उपयोग नाही. एल साल्वाडोरमध्ये ३५ पत्रकार आणि कार्यकर्त्यांचे फोन असे बाधित झाल्याचं सिटिझन लॅब या कॅनडातल्या संशोधन संस्थेने जानेवारी २०२२ मध्ये जाहीर केलं. त्यात एल फारो या वृत्तसंस्थेतले बरेच जण होते.

सगळ्यात कच्चा दुवा म्हणजे पहिला संपर्क. तेव्हा समोरच्याला काहीच माहीत नसतं, तो ऑफिसच्या कॉम्प्युटरवरून सरळ ईमेल करतो. त्यामुळे "आम्हाला माहिती कशी पाठवावी" हे साध्या भाषेत सगळ्यांना दिसेल अशा ठिकाणी लिहून ठेवा, आणि त्यातली पहिली ओळ असू द्या: ऑफिसच्या मशीनवरून, ऑफिसच्या वाय-फायवरून नको.

आता दुसरी वाट. व्हेनेझुएलात सरकार गरिबांना 'क्लाप' नावाची धान्याची पेटी वाटत असे, आणि तिच्या पुरवठ्याच्या कंत्राटांत मोठी गडबड असल्याची चर्चा होती. आर्मांडो डॉट इन्फो या तिथल्या वृत्त-संकेतस्थळाच्या पत्रकारांनी पेटीतली दूध पावडर विद्यापीठाच्या प्रयोगशाळेत तपासायला दिली. कॅल्शियम कमी, सोडियम जास्त. पुडक्यावर लिहिलेलं दूध आत नव्हतंच. या पुराव्याला सोर्स कोण? लाखो घरांत पोचलेलं पुडकं. ते कुणाच्या टेबलावरून आलं हे विचारून काय होणार? पत्रकारांवर पुरवठादार ॲलेक्स साबने फौजदारी बदनामीचा दावा लावला आणि चौघांना देश सोडावा लागला. दुधाचा अहवाल मात्र खोटा पाडता आला नाही.

दुसरं उदाहरण कॅमेरूनचं, आणि ते जरा सावकाश बघू. २०१८ च्या जुलैमध्ये एक व्हिडिओ फिरू लागला: सैनिक दोन बायका आणि दोन लहान मुलांना चालवत नेतात आणि गोळ्या घालतात. सरकार म्हणालं, हा आपल्या देशातला नाहीच. बीबीसीच्या आफ्रिका आय पथकाने सुरुवात केली ती मागच्या डोंगररांगेच्या रेषेपासून. शिखरं, खिंड, उतार यांचा क्रम त्यांनी उपग्रहचित्रांवरून बनवलेल्या भूरूपाशी जुळवला आणि उत्तरेकडच्या झेलेवेत गावाजवळची जागा सापडली. मग घरं. व्हिडिओत दिसणारं एखादं बांधकाम कुठल्या तारखेच्या चित्रात आहे, कुठल्यात नाही, यावरून काळाच्या दोन्ही बाजू आवळत आणल्या. मग सावल्या.

सावलीचं गणित असं. माणसाची उंची १७० सेंटिमीटर आणि सावलीही १७० असेल तर सूर्य क्षितिजापासून ४५ अंशांवर आहे. जागा ठाऊक असली की सावलीची लांबी आणि दिशा मिळून दिवसातली वेळ आणि वर्षातला काळ सांगतात. यात एक अडचण असते: जून आणि डिसेंबरची टोकं सोडली तर सूर्य त्याच वाटेने वर्षातून दोनदा जातो, म्हणून उत्तरं नेहमी दोन येतात. मार्च की सप्टेंबर? इथे एक पायवाट उपयोगी पडली, जी फक्त कोरड्या उन्हाळी महिन्यांतच दिसते. निष्कर्ष निघाला, २० मार्च ते ५ एप्रिल २०१५. सैनिकांच्या हातातली झास्तावा एम-२१ रायफल त्या भागात क्वचितच दिसते, पण कॅमेरूनच्या सैन्यातल्या काही तुकड्या ती वापरतात. सरकारला भूमिका बदलावी लागली, सात सैनिकांना अटक झाली आणि २०२० मध्ये चौघांना दहा वर्षांची शिक्षा झाली. या कामातला मोठा भाग जगातल्या कुणालाही घरबसल्या पडताळता येतो.

फुकट मिळणाऱ्या सेंटिनेल-२ ची चित्रं दर पाच दिवसांनी येतात, पण एक पिक्सेल दहा मीटरचा असतो. त्यात जळालेलं गाव, नवी खाण, तोडलेलं जंगल कळतं. एखादी झोपडी कळत नाही. कशातून काय दिसणार हे आधी ठरवा, नाहीतर धुरकट ठिपक्याला तुरुंग म्हणण्याची वेळ येते.

नोंदणी कार्यालयांतली माहिती हा तिसरा खजिना, आणि तो बंद होतो. अझरबैजानमध्ये पत्रकार खदिजा इस्माइलोव्हा यांनी राष्ट्राध्यक्षांच्या कुटुंबाचे कंपन्यांतले हिस्से उघड केले. २०१२ मध्ये संसदेने कंपन्यांच्या मालकांची नावं गुप्त ठरवली. रशियात २०१६ साली देशाच्या मुख्य सरकारी अभियोक्त्याच्या मुलांच्या मालमत्तांवर मालकाच्या जागी 'एलएसडीयू३' आणि 'वायएफवायएयू९' अशी अक्षरं झळकली. (लपवणाऱ्याने केवढी मोठी पाटी लावली! अशी अक्षरं ज्या उताऱ्यावर दिसतील तिथे थांबून बघायला कुणालाही पुरेसं कारण मिळालं.) युरोपीय न्यायालयाच्या २२ नोव्हेंबर २०२२ च्या निकालानंतर युरोपातल्या अनेक देशांनीही खऱ्या लाभार्थी मालकांच्या याद्या सर्वसामान्यांना बंद केल्या. तेव्हा उतारा दिसला की त्याच दिवशी उतरवून घ्या. पान वेब आर्काइव्हला टाका, फाइलचा शा-२५६ हॅश, म्हणजे फाइलमध्ये जराही बदल झाला तर बदलणारा तिचा ठसा, काढा आणि ती ६४ अक्षरं तारखेसह बाहेरच्या सहकाऱ्याला पाठवा. उद्या "फाइलमध्ये फेरफार केला" असा आरोप झाला तर तेवढी ओळ पुरते. पण एक सावधगिरी: काही संकेतस्थळं कुणी कुठला उतारा पाहिला हे नोंदवतात. एकाच माणसाचे उतारे शोधू नका. त्याच गल्लीतले तीस काढा.

कधीकधी कागद देण्यामागेच डाव असतो. म्यानमारमध्ये वा लोन आणि क्याव सो ऊ हे रॉयटर्सचे पत्रकार इन दिन गावातल्या दहा रोहिंग्या पुरुषांच्या हत्येचा शोध घेत होते. १२ डिसेंबर २०१७ ला पोलिसांनी त्यांना जेवायला बोलावलं, हातात कागदांची गुंडाळी दिली आणि बाहेर पडताच अटक झाली. हा सापळा वरिष्ठांच्या हुकुमावरून रचला होता अशी साक्ष एका पोलीस कॅप्टननेच कोर्टात दिली. तरी १९२३ च्या वसाहतकालीन गुपित कायद्याखाली सात वर्षांची शिक्षा झाली. सुटका मे २०१९ मध्ये. न मागितलेला कागद, तोही पोलिसाकडून, हातात घ्यायचा नाही. टेबलावर ठेवायला सांगा, वाचा, तिथेच सोडा. आणि याच प्रकरणातली दुसरी गोष्ट: ते दोघे आत असताना, फेब्रुवारी २०१८ मध्ये, त्यांची बातमी छापून आली. जमवलेलं सगळं फक्त त्यांच्या खिशात असतं तर ते घडलं नसतं. फॉरबिडन स्टोरीजसारख्या संस्था पत्रकारांचं साहित्य सुरक्षित ठेवून घेतात ते याचसाठी.

सरकारची प्रतिक्रिया कधी घ्यावी? लवकर विचारलं तर नोंदी गायब होतात. उशिरा विचारलं तर ते अन्यायाचं आणि कोर्टात आपल्यालाच जड जाणारं. क्रम असा ठेवावा: साहित्याच्या प्रती देशाबाहेर, धोक्यातला सोर्स सुरक्षित ठिकाणी, मजकूर वकिलाच्या नजरेखालून, आणि मगच प्रश्नावली. प्रश्नांत कागदातला शब्द नको, फाइल क्रमांक तर नकोच. ज्या दहा गोष्टी उघड माहितीतून विचारता येतात त्यांत हवी ती अकरावी घाला.

बदनामीचा दावा परवडला, अशी वेळ करखात्यामुळे येते. इस्माइलोव्हांना २०१५ मध्ये साडेसात वर्षांची शिक्षा झाली ती अपहार आणि करचुकवेगिरीच्या नावाखाली. फिलिपिन्समध्ये रॅपलर या वृत्तसंस्थेवरही करचुकवेगिरीचे खटले भरले गेले. म्हणून वृत्तसंस्थेत दर महिन्याला हिशेब लिहिणारा माणूस हा बातमीदाराइतकाच महत्त्वाचा. प्रत्येक देणगीचं पत्र, प्रत्येक मानधनाची पावती. एल फारोने २०२३ मध्ये आपली कायदेशीर नोंदणीच कोस्टा रिकात हलवली. सगळ्यांना ते जमणार नाही, पण किमान सर्व्हर आणि डोमेनचं नाव देशातल्या कंपनीकडे असू नये. कैरोच्या मादा मस्र या वृत्तसंस्थेचं संकेतस्थळ २०१७ पासून देशात बंद आहे, तरी आरसा-प्रतींवरून, म्हणजे दुसऱ्या पत्त्यांवर ठेवलेल्या हुबेहूब प्रतींवरून, ते वाचलं जातं.

बातमी आल्यानंतरचे पहिले काही आठवडे सगळ्यात नाजूक. सोर्सला अभिनंदनाचा संदेश नको, "ठीक आहात ना" असं विचारणंही नको. चौकशी त्याच दिवसांचे सीडीआर बघणार आहे. त्याने रजा घेऊ नये, राजीनामा देऊ नये, नेहमीसारखं ऑफिसला जावं, हे त्याला आधीच सांगून ठेवलेलं असावं. टिपणवहीत त्याचं नाव कधीच नसावं; टोपणनावाची किल्ली कागदावर असेल तर ती बातमीच्या आधी जाळलेली असावी. आणि त्याच खात्यावरची पुढची बातमी दुसऱ्या बातमीदाराने, दुसऱ्या विषयावर, त्या सोर्सचं तोंडही न बघता करावी.