बिअरच्या पिठातल्या कुरकुरीत ऑनियन रिंग्ज

नमस्कार मंडळी! आज ऑनियन रिंग्ज, त्या पण बिअरच्या पिठातल्या, आणि आधीच सांगते की हा प्रकार आपल्या कांदाभजीच्या बरोबर उलटा आहे. भजीला आपण कांद्याला मीठ चोळून पाणी सुटायची वाट बघतो, वरून कडकडीत तेलाचं मोहन घालतो, इथे मात्र कांदा कोरडा ठक्क हवा आणि पीठ एकदम गारेगार.

कांदा मोठा आणि घट्ट बघून घ्या, साधारण एक सेंटीमीटर जाडीच्या चकत्या करा आणि कडी सुटी करा. आता नीट ऐका, प्रत्येक कड्याच्या आतल्या बाजूला एक पातळ, पारदर्शक पापुद्रा असतो, नखाने टोक उचललं की निघतो, तो काढाच. वेळखाऊ काम आहे खरं, पण घास घेतल्यावर अख्खा कांदा सुळकन बाहेर येतो आणि हातात नुसतं पोकळ कव्हर राहतं ना, ते बऱ्याचदा या घसरड्या पापुद्र्यामुळेच, त्याच्यावर पीठ धरतच नाही. मग कडी टिपून कोरड्या मैद्यात घोळवून ठेवा.

पिठासाठी एक कप मैदा, पाव कप तांदळाचं पीठ, अर्धा चमचा बेकिंग पावडर, मीठ आणि आवडीप्रमाणे तिखट. बिअर साधी लागर, फ्रीजमधली, आणि तेल तापल्यावरच फोडायची, कारण सगळी करामत त्या फेसाची आहे, त्यातला कार्बन डायऑक्साइड गरम तेलात फुगतो आणि कव्हर जाळीदार होतं, शिवाय अल्कोहोल ७८ डिग्रीलाच उकळतं म्हणून पीठ पटकन सुकतं. कपभर बिअर हळूहळू ओता, पीठ चमच्याला धरेल इतपतच ठेवा, आणि प्लीज घोटत बसू नका, बारीक गुठळ्या राहिल्या तरी चालतील, घोटलं की मैदा चिवट होतो. तळल्यावर अल्कोहोल पूर्ण उडतंच असं नाही, त्यामुळे घरात मुलं असतील किंवा कुणी घेत नसेल तर थंडगार सोडा वापरा, मस्त होतात.

तेल १८० डिग्री, थर्मामीटर नसेल तर पिठाचा थेंब टाकून बघा, लगेच वर आला पाहिजे. एका घाण्याला चार-पाचच रिंग्ज, जास्त टाकल्या की तेल गार पडतं आणि सगळं तेलकट. काढताना टिश्यूवर नको, जाळीवर काढा, नाहीतर खालून वाफ धरते आणि मऊ पडतात. मीठ गरम असतानाच भुरभुरवा. आणि ती मधली बारीक कडी उरतात ना, ती चिरून उद्याच्या पोह्यात घाला.