रेड रम आणि साउथपोर्टची वाळू

श्रोतेहो, नमस्कार. आजची गोष्ट रेड रम नावाच्या शर्यतीच्या घोड्याची.

इंग्लंडच्या वायव्य किनाऱ्यावर, लिव्हरपूलच्या थोडं वर, साउथपोर्ट नावाचं गाव आहे. तिथला समुद्र ओहोटीला इतका आत सरकतो की किनाऱ्यावरून पाणी दिसेनासं होतं. उरते ती ओली, सपाट वाळू. 1972 साली या गावात जिंजर मॅकेन नावाचा एक गृहस्थ जुन्या मोटारी विकायचा. त्याआधी त्याने टॅक्सीही चालवली होती. मोटारींच्या दुकानामागेच त्याचा तबेला होता, कारण शर्यतीचे घोडे तयार करायचा त्याला नाद होता. नादच म्हणायचा, कारण बरीच वर्षं घालवूनही हाती फारसं काही लागलं नव्हतं. बड्या ट्रेनरांकडे घोडे पळवायला स्वतःची हिरवीगार माळरानं असतात. मॅकेनकडे तसलं काही नव्हतं. त्याचे घोडे सकाळी गावातल्या रहदारीतून वाट काढत समुद्रावर जायचे, आणि गाडीमागे कुळव बांधून वाळू भुसभुशीत करायचं कामही त्यालाच करावं लागायचं.

त्याच्या टॅक्सीत एक म्हातारबुवा बसायचे. नोएल ल मेअर. पैसा भरपूर कमावलेला, वय ऐंशीच्या पुढे. तरुणपणी त्यांनी तीन इच्छा धरल्या होत्या म्हणे: सुंदर मुलीशी लग्न करायचं, लक्षाधीश व्हायचं आणि ग्रँड नॅशनल ही घोड्यांची मोठी शर्यत जिंकायची. पहिल्या दोन पुऱ्या झाल्या होत्या. तिसरीसाठी त्यांनी या टॅक्सीवाल्यावर भरवसा ठेवला. आता बोला!

ऑगस्टमध्ये डॉनकास्टरच्या लिलावात मॅकेनने त्यांच्यासाठी एक सात वर्षांचा तपकिरी घोडा 6,000 गिनींना घेतला. गिनी म्हणजे एक पौंड आणि एक शिलिंग. ते नाणं कधीच चलनातून गेलं, पण इंग्लंडातल्या काही घोडेबाजारांत बोली अजून गिनीतच लागते. घोड्याचं नाव रेड रम.

या घोड्याने तोवर काय काय पाहिलं होतं ते सांगतो. जन्म आयर्लंडमधल्या किलकेनीचा, 1965 सालचा. पिल्लू असताना 400 गिनींना विकला गेला. पहिली शर्यत 1967 साली, लिव्हरपूलजवळच्या एन्ट्रीच्या मैदानावर, जेमतेम पाच फर्लांगांची, म्हणजे किलोमीटरभराची. त्यात तो दुसऱ्या एका घोड्याबरोबर बरोबरीत पहिला आला. पण ही शर्यत हलक्या दर्जाची होती, जिंकलेला घोडा तिथल्या तिथे लिलावात काढायचा, अशी. म्हणजे जिंकल्याचं बक्षीस हे, की पुन्हा बोलीवर उभा! पुढे ट्रेनर बदलत गेले. मॅकेन हा त्याचा पाचवा. मधल्या वर्षांत त्याला इतक्या वेळा पळवलं होतं की सगळ्यांच्या लेखी तो आता साधारण, वापरून झालेला घोडा होता.

नवा घोडा वाळूवर आणला, आणि पहिल्याच सकाळी तो लंगडताना दिसला. खुराच्या आतलं हाड सुजण्याचा विकार. शर्यतीच्या घोड्याला हा विकार म्हणजे बहुतेक वेळा कारकिर्दीला पूर्णविराम. ल मेअरांचे सहा हजार गिनी गेले, असंच कोणीही म्हटलं असतं. मॅकेनने घोड्यावर बसलेल्या पोराला ओरडून सांगितलं, घोडा समुद्रात घाल. त्याच्या डोक्यात काय होतं? साउथपोर्टला कोळंबी धरणाऱ्यांच्या गाड्या पूर्वी घोडी ओढायची. दिवसचे दिवस खाऱ्या पाण्यात उभी असणारी ती जनावरं पायाने किती ठणठणीत असतात, हे त्याने लहानपणापासून पाहिलेलं. रेड रम पाण्यात चालला, आणि बाहेर आला तो नीट पाय टाकत आला. मग हे रोजचंच झालं: मऊ वाळूवर पळणं आणि थंडगार पाण्यात चालणं. थंड पाण्याने सूज उतरते, आणि वाळूवर खुराला कडक जमिनीचा दणका बसत नाही. त्याच शरद ऋतूत तो लागोपाठ शर्यती जिंकू लागला. मॅकेनकडे पैसा असता, त्याने हिरवळीचं माळरान घेतलं असतं, तर हा घोडा पुन्हा एकदा लिलावातच गेला असता, असं मला ठामपणे वाटतं.

आता ग्रँड नॅशनल म्हणजे काय, ते थोडक्यात. आपल्याकडे महालक्ष्मीला घोडे सपाट ट्रॅकवर पळतात, दोन-तीन मिनिटांत निकाल. एन्ट्रीला त्या काळी साडेचार मैलांच्या आसपास अंतर आणि वाटेत तीस कुंपणं. घोडे पडतात, जॉकी पडतात, कधी घोडा मरतोही. या शर्यतीवर टीका होते आणि ती गैरलागू नाही. शिवाय ती हँडिकॅप शर्यत आहे. जितका घोडा चांगला, तितकं पाठीवर वजन जास्त.

31 मार्च 1973. अडतीस घोडे. सर्वांत जास्त वजन, बारा स्टोन म्हणजे 76 किलो, क्रिस्प नावाच्या धिप्पाड ऑस्ट्रेलियन घोड्यावर. रेड रमवर त्याहून दहा किलो कमी. बुकींनी दोघांनाही सारखाच भाव दिला होता, नऊला एक, म्हणजे एका पौंडाला नऊ पौंड. सुरुवातीपासून क्रिस्प असा सुटला की बाकीचे जणू वेगळ्याच शर्यतीत होते. कुंपणं तो नुसती ओलांडत नव्हता, त्यांच्यावरून उडत होता. दुसऱ्या फेरीत तो इतका पुढे होता की जॉकी रिचर्ड पिटमनला मागे कोणाच्याच टापा ऐकू येईनात. मागून एकच घोडा पाठलागावर होता, ब्रायन फ्लेचरला घेऊन, रेड रम.

शेवटचं कुंपण क्रिस्पने चांगल्या पंधरा लेंग्थच्या आघाडीने पार केलं; लेंग्थ म्हणजे एका घोड्याच्या लांबीइतकं अंतर. उरली होती ती शेवटची धाव, जवळपास साडेचारशे मीटर. आणि तिथे त्याच्यातला जीवच संपला. पिटमनने चाबूक उचलला, तसा थकलेला क्रिस्प डावीकडे भरकटला; ती चूक आपलीच, असं पिटमनने पुढे जाहीरपणे मान्य केलं. रेषेपासून दोनेक ढांगांवर रेड रमने त्याला गाठलं आणि पाऊण लेंग्थने शर्यत जिंकली. वेळ नऊ मिनिटं 1.9 सेकंद. 1934 पासूनचा विक्रम जवळपास 19 सेकंदांनी मोडला.

आणि लोक हळहळले. रेड रमसाठी नाही, क्रिस्पसाठी! दहा किलो जास्त वाहून पाऊण लेंग्थने हरलेला घोडाच खरा जिंकला, असं जो तो म्हणू लागला. ल मेअरांची तिसरी इच्छा पुरी झाली खरी, पण त्यांचा घोडा दुसऱ्याच्या तोंडचा घास काढणारा ठरला.

म्हणून 1974 महत्त्वाचं. आता बारा स्टोन रेड रमच्या पाठीवर आले. क्रिस्पला जे ओझं भोवलं, तेच. तो सात लेंग्थने जिंकला. तीन आठवड्यांनी स्कॉटलंडमधल्या एअर गावी जाऊन त्याने स्कॉटिश ग्रँड नॅशनलही जिंकली. एकाच हंगामात या दोन्ही शर्यती दुसऱ्या कुठल्या घोड्याला जमलेल्या नाहीत. 1975 ला दुसरा. 1976 ला पुन्हा दुसरा. मला वाटतं, लोकांनी त्याला आपलं मानलं ते या दोन पराभवांमुळेच. दर वसंतात तो यायचा, तीसच्या तीस कुंपणं न पडता पार करायचा आणि घरी जायचा.

त्याच वर्षांत एन्ट्रीचं मैदान मोडीत निघायला आलं होतं. 1973 मध्ये ते एका बांधकाम व्यावसायिकाला विकलं गेलं. यंदाची ग्रँड नॅशनल शेवटची, अशी बोलवा दरवर्षी उठायची. ही शर्यत टिकली त्याची कारणं बरीच आहेत, जाहीर वर्गणी आहे, 1983 मधला जॉकी क्लब या घोडशर्यतींच्या संस्थेने मैदान विकत घेण्याचा व्यवहार आहे. पण मधल्या पडत्या काळात तिच्याकडे लोकांचं लक्ष खिळवून ठेवलं ते या एका घोड्याने.

2 एप्रिल 1977. रेड रम आता बारा वर्षांचा, अडथळ्यांच्या शर्यतीसाठी म्हातारा. फ्लेचरचं आणि मॅकेनचं बिनसलेलं, म्हणून पाठीवर टॉमी स्टॅक. गंमत अशी, की मॅकेनच्या आधी काही काळ हाच स्टॅक रेड रमचा ट्रेनर होता! दुसऱ्या फेरीत बेचर्स ब्रुक या बदनाम कुंपणावर आघाडीचा घोडा अँडी पँडी कोसळला आणि रेड रम पुढे आला. त्यानंतर त्याला कोणी गाठलंच नाही. पंचवीस लेंग्थ! तीन वेळा ग्रँड नॅशनल जिंकणारा तो पहिला घोडा, आणि आजवर एकटाच.

वर्षअखेरीला बीबीसीने क्रीडा पुरस्कारांच्या सोहळ्यात त्याला चक्क स्टुडिओत आणलं. स्टॅक जखमी होता, दुसरीकडून पडद्यावर बोलत होता. त्याचा आवाज ऐकताच रेड रमने कान टवकारले, आणि सगळं सभागृह हरखलं. 1978 च्या शर्यतीच्या आदल्या दिवशी पायाच्या हाडात बारीक चीर सापडली आणि त्याची कारकीर्द थांबली. मग तो दुकानांची उद्घाटनं करत फिरला, अगदी एखाद्या सिनेनटासारखा. ब्लॅकपूल या किनाऱ्यावरच्या गावाच्या प्रसिद्ध रोषणाईचं बटण तर 1977 मध्येच त्याच्या निमित्ताने दाबलं गेलं होतं. 1995 मध्ये, तीस वर्षांचा असताना, तो गेला. त्याला एन्ट्रीलाच, शर्यत संपते त्या खांबापाशी पुरलं आहे.

मॅकेनला मात्र लोक टोमणा मारत राहिले, एका घोड्याचा ट्रेनर म्हणून. 2004 मध्ये त्याने ॲम्बरले हाऊस नावाच्या घोड्याकडून चौथी ग्रँड नॅशनल जिंकून घेतली. तेव्हा तो सत्तरी ओलांडलेला होता.

1973 च्या शर्यतीचं चित्रण आज इंटरनेटवर सहज मिळतं. पहिल्यांदा बघाल तेव्हा तुमची नजर क्रिस्पवरून हलणार नाही, हे सांगून ठेवतो. दुसऱ्यांदा बघताना पडद्याच्या मागच्या कडेला लक्ष ठेवा. नाकावर मेंढीच्या लोकरीचा पट्टा असलेला घोडा तिथे हळूहळू मोठा होत येईल. नमस्कार.