शाळेचे वेळापत्रक आणि किनाऱ्याचे वर्ष

(दृश्य: जूनमधला पाऊस, बंदराकडे उतरणारा रस्ता, छत्र्या सावरत चाललेली विद्यार्थ्यांची फेरी)

26 जून हा दिवस अंमली पदार्थांचे सेवन आणि त्यांचा अवैध व्यापार यांच्या विरोधातला आंतरराष्ट्रीय दिन म्हणून पाळला जातो. महाराष्ट्रातील शाळा जूनच्या मध्याला उघडत असल्यामुळे कोकणात हा दिवस ऐन पावसात आणि शाळेच्या दुसऱ्या आठवड्यात येतो. पुस्तकांना अजून कव्हरे घालून झालेली नसतात, पाचवीत आलेली मुले नव्या वर्गाला सरावलेली नसतात, आणि तरीही फलक रंगवले जातात, घोषणा पाठ होतात, फेरी बंदरापर्यंत जाऊन येते, सामूहिक शपथ घेतली जाते. शिक्षक हे सारे मनापासून करतात. परंतु व्यसनमुक्तीचा विषय त्या दुपारी संपला असे शाळेने धरले, तर पुढचे दहा महिने मूल या बाबतीत एकटे पडते, आणि तंबाखूची पहिली चिमूट त्याच्या तळहातावर येते ती याच दहा महिन्यांतल्या एखाद्या संध्याकाळी.

रायगडपासून सिंधुदुर्गापर्यंतच्या किनाऱ्यावरील शाळांनी मुलांना व्यसनांपासून दूर ठेवणारे उपक्रम कसे आखावेत, हा या माहितीपटाचा विषय आहे. आमचे म्हणणे असे की, ही आखणी दिनविशेषांच्या यादीवरून न करता गावाच्या वर्षावरून करावी; म्हणजे मुलाला कोणता पदार्थ, कोणाच्या हातून, कोणत्या महिन्यात आणि दिवसाच्या कोणत्या वेळी भेटतो, हे आधी पाहावे आणि मग उपक्रम ठरवावेत.

(दृश्य: ओहोटीच्या वेळचा दापोली तालुक्यातील किनारा)

2023 च्या ऑगस्टमध्ये दापोली तालुक्यात कर्दे, लाडघर, केळशी या भागांत चरसाची पाकिटे समुद्रातून वाहून आली. सीमाशुल्क विभागाने आणि पोलिसांनी ती ताब्यात घेतली आणि काही दिवस वर्तमानपत्रांत त्याचीच चर्चा होती. किनाऱ्यावर अनोळखी पाकीट दिसले तर त्याला हात न लावता पोलिसपाटलांना किंवा शिक्षकांना कळवावे, हे मुलांना शिकवणे त्यामुळे आवश्यकच झाले आहे. मात्र बहुतेक मुलांची गाठ पडते ती समुद्रातून आलेल्या पाकिटाशी नव्हे, तर घरातल्या आणि नाक्यावरच्या वस्तूंशी. तव्यावर भाजून कुटलेली तंबाखू, म्हणजे मशेरी, आजही अनेक घरांत सकाळी दातांना लावली जाते, आणि ती दुकानातून आणायला घरातल्या लहान मुलालाच पाठवले जाते. महाराष्ट्राने 2012 मध्ये गुटख्यावर बंदी घातली, तरी त्याच्या पुड्या छुप्या मार्गाने मिळत राहिल्या. 2019 च्या जागतिक युवा तंबाखू सर्वेक्षणात भारतातील 13 ते 15 वयोगटातील 8.5 टक्के विद्यार्थी कोणत्या ना कोणत्या स्वरूपात तंबाखू वापरत असल्याचे आढळले. त्याच वर्षी केंद्रीय सामाजिक न्याय मंत्रालयाने प्रसिद्ध केलेल्या, दिल्लीच्या एम्स संस्थेने केलेल्या सर्वेक्षणात आणखी एक गोष्ट पुढे आली. हुंगून नशा करण्याच्या पदार्थांच्या वापराचे प्रमाण प्रौढांत 0.58 टक्के, तर 10 ते 17 वयोगटात 1.17 टक्के होते. मुलांमधले प्रमाण मोठ्यांपेक्षा अधिक असलेला हा एकमेव प्रकार. अशा वस्तू स्टेशनरीच्या दुकानात आणि गॅरेजमध्ये सहज मिळतात, म्हणून त्यांच्याकडे कोणाचे लक्ष जात नाही. त्यांची नावे आणि वापराच्या पद्धती वर्गात सांगू नयेत. शिक्षकांनी आणि पालकांनी मात्र सावध असावे.

उपक्रम कसे असावेत, याविषयी जगभर पुष्कळ अभ्यास झाला आहे. संयुक्त राष्ट्रांच्या अंमली पदार्थ व गुन्हेगारीविषयक कार्यालयाने 2013 मध्ये प्रतिबंधाची आंतरराष्ट्रीय मानके प्रसिद्ध केली आणि 2018 मध्ये जागतिक आरोग्य संघटनेसह त्यांची दुसरी आवृत्ती काढली. केवळ माहिती देणारे व्याख्यान, भीती घालणारी चित्रे, व्यसनातून बाहेर पडलेल्या व्यक्तीचे एखादे भाषण, यांचा मुलांच्या वागण्यावर परिणाम होत असल्याचे दिसत नाही. याउलट प्रशिक्षित शिक्षकाने सलग अनेक तासिकांत, मुलांना बोलते करून, नकार देण्याचा, रागावर ताबा ठेवण्याचा आणि निर्णय घेण्याचा सराव करून घेतला तर परिणाम होतो, असे ही मानके सांगतात. सडलेल्या तोंडाची चित्रे भिंतीवर लावली की आपले काम झाले, असे वाटणाऱ्या शाळांनी हे गांभीर्याने घ्यावे.

आइसलँड या मासेमारीवर जगणाऱ्या छोट्या देशाचा अनुभवही इथे उपयोगी पडतो. तिथे 15-16 वर्षांच्या मुलांपैकी, मागच्या महिनाभरात एकदा तरी दारूच्या नशेत असलेल्यांचे प्रमाण 1998 मध्ये 42 टक्के होते. 2016 मध्ये ते 5 टक्क्यांवर आले. शाळा सुटल्यानंतर खेळ, संगीत आणि कला यांची नियमित सोय करणे, रात्री मुले बाहेर राहणार नाहीत हे पालकांनी मिळून पाहणे, आणि मुलांच्या सवयींची दरवर्षी नाव न विचारता पाहणी करणे, हा त्या कार्यक्रमाचा गाभा होता. त्यांच्याकडची साधने आपल्याकडे नाहीत, हे खरे. पण मोकळा वेळ, पालकांची एकजूट आणि प्रामाणिक पाहणी या तीन गोष्टींना पैसे फारसे लागत नाहीत.

(दृश्य: जेट्टीला लागलेल्या नौका, जाळी दुरुस्त करणारे खलाशी)

आता आपल्या किनाऱ्याचे वर्ष पाहू. जून-जुलैमध्ये यांत्रिक नौकांना मासेमारीबंदी असते. तांडेल, म्हणजे नौकेचे प्रमुख, आणि खलाशी घरी असतात, शेडमध्ये जाळी विणली जातात, पत्ते रंगतात, आणि हाताशी पोरे असतातच. हे दोन महिने वडिलांना शाळेत बोलावण्याचे आहेत, कारण एरवी पालकसभेला आईच येते. नारळी पौर्णिमेनंतर हीच माणसे पुन्हा समुद्रात गेलेली असतील. बोलावल्यावर त्यांना उपदेश करू नये. जाळ्याच्या गाठी मुलांना शिकवायला सांगावे, आणि त्याच बैठकीत, मुलाला पुडी आणायला पाठवणार नाही, एवढेच ठरवून घ्यावे.

त्यानंतर गणपती येतात. चाकरमानी गावी येतात, घराघरांत आरत्या आणि भजने रात्री उशिरापर्यंत चालतात, आणि मुंबईहून आलेला मोठा चुलतभाऊ हा नववीतल्या मुलाच्या दृष्टीने गावातला सर्वांत रुबाबदार माणूस असतो. तंबाखू किंवा बिअर पुढे करणारा अनोळखी गुंड नसतो, तर असा जवळचा, प्रेमाचा माणूस असतो. आपल्या बहुतेक पथनाट्यांत नेमके हेच नसते. म्हणून सुट्टी लागण्याच्या आधीच्या दोन आठवड्यांत वर्गात हाच प्रसंग उभा करून घ्यावा. एकाने दादा व्हावे आणि म्हणावे, “अरे घे, काय नाय होत.” दुसऱ्याने नाते न दुखावता नकार द्यावा. “नको रे दादा, माका आता भजनात गावचा आसा,” असे एखादा मालवणचा मुलगा म्हणेल, एखादी मुलगी विषय बदलेल, एखादा सरळ उठून मृदंगापाशी जाऊन बसेल. उत्तरे मुलांनाच शोधू द्यावीत, त्यांच्या बोलीत, आणि प्रत्येकाला एकदा तरी ते शब्द मोठ्याने उच्चारू द्यावेत. घोकलेल्या घोषणेपेक्षा स्वतःच्या तोंडून निघालेले वाक्य अडचणीच्या वेळी लवकर आठवते.

रंगमंचाची आवड या किनाऱ्याला उपजतच आहे. सिंधुदुर्गात दशावतार, रत्नागिरीत नमन आणि जाखडी, यांच्या अंगाने मुले व्यसनांवर सुंदर प्रवेश रचू शकतात. मात्र एक खबरदारी आम्हाला फार महत्त्वाची वाटते. स्नेहसंमेलनात झोकांड्या खाणारा दारुडा आणून हशा पिकवण्याची जी पद्धत आहे, ती थांबवावी. ज्याचे वडील रोज रात्री तसेच घरी येतात, असे मूल त्या प्रेक्षकांत बसलेले असते. ते त्या हशाने अधिक मिटून जाते, आणि ज्या मुलापर्यंत शाळेने सर्वांत आधी पोहोचायला हवे, नेमके तेच दुरावते. प्रवेश रचायचाच तर तो अशा घरातल्या मुलाने कोणाकडे मदत मागावी, यावर रचावा.

(दृश्य: शाळा सुटण्याची वेळ, एसटीच्या थांब्यावरची गर्दी)

शाळा सुटल्यापासून दिवेलागणीपर्यंतचा वेळ सर्वांत मोकळा, म्हणून सर्वांत जोखमीचा. कबड्डी, खो-खो, वाळूवरचा व्हॉलीबॉल यांनी तो भरता येतो, असे सगळेच सांगतात. पण वरच्या वाडीतून येणाऱ्या मुलांना पाचची एसटी गाठायची असते आणि ती चुकली तर दुसरी अंधार पडल्यावर मिळते. सुटल्यानंतरचा खेळ मग बंदराजवळच्या मुलांपुरता उरतो. म्हणून खेळाची तासिका आठवड्यातून किमान दोनदा शेवटची ठेवावी, आणि दूरच्या वाड्यांत एखाद्या माजी विद्यार्थ्याकडे चेंडू-जाळी सोपवून तिथेच खेळ भरवावा. पहिली ते आठवीसाठी राज्यात ‘आनंददायी शनिवार’ आहे, त्याचाही उपयोग व्हावा. मुलींना यातून वगळू नये. मशेरीची सवय मुलींनाही लागते.

दुकानांचा प्रश्न कायद्याने पुष्कळ सोपा केला आहे. 2003 च्या तंबाखूविषयक कायद्यानुसार 18 वर्षांखालील व्यक्तीला तंबाखूजन्य पदार्थ विकता येत नाहीत, आणि शैक्षणिक संस्थेपासून 100 यार्डांच्या, म्हणजे सुमारे 91 मीटरच्या, आत ते कोणालाच विकता येत नाहीत. बाल न्याय अधिनियम, 2015 च्या कलम 77 नुसार मुलाला मद्य, अंमली पदार्थ किंवा तंबाखू देणाऱ्याला 7 वर्षांपर्यंत सक्तमजुरी आणि 1 लाख रुपयांपर्यंत दंड होऊ शकतो. सातवीच्या मुलांनी गणिताच्या तासाला टेप घेऊन 91 मीटर मोजावे, शाळेचा नकाशा काढावा आणि रस्त्यावर पिवळी रेषा आखावी. दुकानदाराशी बोलण्याचे काम मात्र मुख्याध्यापक आणि शाळा व्यवस्थापन समिती यांचे आहे. मुलांना तक्रारदार म्हणून पुढे करू नये, कारण उद्या त्यांना त्याच रस्त्याने जायचे असते. आणि शिक्षकांच्या खोलीत कोणी तंबाखू मळत असेल, तर आधी ती थांबली पाहिजे. मुलांना ते ठाऊक असते.

एखादे मूल आधीच सवयीत अडकलेले आढळले तर त्याला परिपाठात उभे करणे किंवा शाळेतून काढणे हा मार्ग नव्हे. शाळेशी नाते तुटलेले मूल वेगाने पुढच्या पदार्थाकडे जाते. वर्गशिक्षकाने एकट्याने, शांतपणे बोलावे, पालकांना विश्वासात घ्यावे आणि गरज वाटल्यास जिल्हा रुग्णालयाची मदत घ्यावी. 14446 या राष्ट्रीय व्यसनमुक्ती हेल्पलाइनवर विनाशुल्क सल्ला मिळतो. पुण्यात 1986 पासून काम करणाऱ्या मुक्तांगणसारख्या संस्थांनी व्यसन हा आजार मानून माणसाशी आपुलकीने बोलण्याची रीत महाराष्ट्राला दाखवली आहे. शाळेतही तीच चालावी.

वर्षाच्या शेवटी कामाचा आढावा फेऱ्यांच्या आणि प्रमाणपत्रांच्या संख्येवरून घेऊ नये. जूनमध्ये आणि पुन्हा मार्चमध्ये, नाव न लिहिता भरायची एक पानी प्रश्नावली मुलांना द्यावी आणि दोन्ही वेळची उत्तरे शाळा व्यवस्थापन समितीसमोर ठेवावीत. या समितीत तीन चतुर्थांश सदस्य पालक असतात, त्यामुळे आकडे थेट घरापर्यंत पोहोचतात.

दहावीची मुले तोवर परीक्षा देऊन मोकळी झालेली असतात. निकालापर्यंतचे महिने हापूसच्या तोडणीचे असतात. मुले बागेत पेट्या भरायला जातात, हातात पहिल्यांदा स्वतःचे पैसे येतात, आणि दुपारच्या विसाव्यात मोठ्या गड्यांच्या घोळक्यात पुडी फिरते. शाळेचा अधिकार तिथे चालत नाही, ओळख मात्र चालते. म्हणून मार्चमधल्या बैठकीला गावातल्या बागायतदारांनाही बोलावावे, आणि आपल्या बागेत येणाऱ्या मुलांच्या हाती कोणी तंबाखू देणार नाही, याची जबाबदारी त्यांच्याकडून घेऊन ती पुढच्या वर्षाच्या आराखड्यात पहिल्याच ओळीत लिहावी.